साताऱ्यात राहून, मालिकेत काम करता करता दिग्दर्शक होता येईल का?

तुमचं वय 24. तुम्ही साताऱ्यात राहता, हौशी एकांकिका करता, एका मालिकेत दोन दिवसांचं काम झालंय आणि पुढे दिग्दर्शनाकडे वळायचंय. त्यासाठी आत्ताच मुंबई गाठावी का, हा तुमचा प्रश्न. मी सांगेन, आत्ता नको.

2017 साली सुरू झालेली ‘लागिरं झालं जी’ आणि नंतरची ‘देवमाणूस’ या मालिका साताऱ्याच्या परिसरातच चित्रित झाल्या. युनिट मुंबईबाहेर असलं की मुंबईहून येणाऱ्या प्रत्येक कलाकाराचा प्रवास, राहणं, जेवण निर्मात्याच्या अंगावर पडतं. दोन दिवसांच्या पोस्टमनसाठी किंवा कंपाउंडरसाठी एवढा खर्च कुणी करत नाही. ती कामं आसपासच्याच माणसांना मिळतात. मुंबईत त्याच भूमिकेसाठी तुम्ही रांगेत असाल. इथे सकाळी फोन आला तर अर्ध्या तासात मोटारसायकलवर सेटवर पोचणारे तुम्हीच. शिवाय बोली तुमची आहे. ‘काय करतुयास’ हे तुमच्या तोंडात सहज बसतं. फक्त एका वाक्यात ‘न्हाई’ आणि पुढच्यात ‘नाही’ असं होऊ देऊ नका. संवादाच्या पानात शहरी वाक्य आलं असेल तर टेकच्या आधी दिग्दर्शकाला विचारून बदला, कॅमेरा सुरू असताना मनानं नको.

ऑडिशन आता बहुतेक फोनवरच रेकॉर्ड करून पाठवावी लागते. फोन आडवा, डोळ्यांच्या उंचीवर, स्टँडवर. मागे साधी भिंत, खिडकी समोर. खिडकी पाठीमागे असेल तर चेहरा काळा पडतो आणि पाहणारा पाच सेकंदांत पुढे जातो. पंखा बंद. समोरच्याचे संवाद वाचणारा मित्र फोनच्या जवळ उभा असला की त्याचाच आवाज मोठा येतो, त्याला फोनच्या मागे दोन पावलं उभं करा. सुरुवातीला नाव, वय, उंची, गाव, मग चेहऱ्याची डावी-उजवी बाजू. ड्राइव्हची लिंक पाठवत असाल तर ती कुणालाही उघडेल अशी सेटिंग आधी करा. लिंक उघडली नाही म्हणून मागे लागायला कुणाला वेळ नसतो. आणि ऑडिशनसाठी पैसे मागणाऱ्याला एक रुपयाही देऊ नका. खरं कास्टिंग करणारा कलाकाराकडून पैसे मागत नाही.

रंगमंचावरून आलेल्यांची अडचण आवाजाची असते. सांगलीच्या भावे नाट्यमंदिरात शेवटच्या रांगेपर्यंत शब्द पोचवायचे असतात, मालिकेत छोटा लेपल माइक छातीवर लावलेला असतो. तोच आवाज लावला की साउंड रेकॉर्डिस्ट वैतागतो आणि क्लोजमध्ये, म्हणजे चेहऱ्याच्या जवळच्या शॉटमध्ये, जबडा, भुवया नको तेवढ्या हलतात. आवाज कमी करा, शब्दांची धार मात्र कमी करू नका.

आता मुख्य गोष्ट. मालिकेत दिग्दर्शनाकडे जाणारी वाट चेहरा ओळखीचा होण्यातून क्वचितच जाते. ती कंटिन्युइटीतून, म्हणजे एका शॉटमधलं दुसऱ्या शॉटशी जुळतंय ना हे बघण्यातून जाते. सीन कथेच्या क्रमानं होत नाहीत, लोकेशननं होतात. तीन एपिसोडमधले स्वयंपाकघरातले सगळे सीन एका सकाळी उरकले जातात. म्हणून कंटिन्युइटी बघणाऱ्या असिस्टंटकडे एपिसोड क्रमांक, सीन क्रमांक, कथेतला दिवस कितवा, वेळ, कपडे, दागिने याची नोंद असते. त्याहून बारीक नोंद हालचालीची. आधी मॉनिटर, म्हणजे तालीम, मग मास्टर शॉट, म्हणजे सगळा सीन एकत्र दिसणारा, मग सजेशन, म्हणजे एकाच्या खांद्यावरून दुसऱ्याचा, मग क्लोज. मास्टरमध्ये ‘तुम्ही जा’ म्हणताना पेला उजव्या हातात होता आणि क्लोजमध्ये डाव्या हातात आला, तर एडिटरला ते दोन शॉट जोडता येत नाहीत. तो मग समोरच्याची रिअ‍ॅक्शन लावतो आणि नटाचं उत्तम वाक्य दुसऱ्याच्या चेहऱ्यावर ऐकू येतं. हे ज्या नटाला कळतं त्याचे शॉट कापले जात नाहीत. हेच सहा महिने कागदावर लिहिलेल्या असिस्टंटला सीन शॉटमध्ये कसा तोडायचा ते कळू लागतं. तुम्हाला दोन्ही करायचंय, तर छोट्या भूमिका घेत राहण्यापेक्षा एका युनिटमध्ये कंटिन्युइटी असिस्टंट म्हणून सलग काम मागा. पैसे कमी मिळतील, उभं राहावं लागेल, पण दिग्दर्शकाची नजर तिथेच तयार होते.

त्यापुढे शेड्युलिंग, मग मुख्य असिस्टंट, मग सेकंड युनिट, म्हणजे मुख्य युनिटच्या जोडीला शूट करणारी दुसरी टीम, मग एपिसोड दिग्दर्शक. मालिकेचा सूर ठरवणारा, पहिले एपिसोड करणारा दिग्दर्शक बऱ्याचदा वेगळा असतो. रोजच्या दिग्दर्शकाचं गणित कडक आहे. अर्ध्या तासाच्या स्लॉटला वीस-बावीस मिनिटांचा मजकूर लागतो आणि जवळजवळ तेवढा रोज काढावा लागतो. समजा बारा तासांच्या शिफ्टमध्ये आठ सीन आहेत. जेवणाचा एक तास आणि लाइट-जागा बदलायचे दोन तास गेले, की एका सीनला उरतात साधारण 67 मिनिटं. प्रत्येक वाक्याला नवा अँगल लावणारा दिग्दर्शक दुपारीच मागे पडतो.

साताऱ्यात याशिवाय हवामानाचाही हिशेब आहे. डिसेंबरात सहाच्या सुमारास उजेड जातो, म्हणून बाहेरचे सीन सकाळी लावायचे. पावसाळ्यात यवतेश्वर, कासच्या बाजूला धुकं मास्टर आणि क्लोजच्या मधेच उतरतं आणि शॉट जुळत नाहीत. म्हणून घरातला एखादा सीन, त्याचे कपडे आणि कलाकार यांच्यासकट, तयार ठेवावाच लागतो. डोंगरावरचा वारा माइकमध्ये शिरतो, ते संवाद पुन्हा डब करावे लागतात.

गोष्ट मात्र दिग्दर्शकाच्या हातात नसते. कथा, पटकथा, संवाद वेगवेगळ्या लोकांचे असू शकतात, गोष्टीवर नजर ठेवणारे वाहिनीचे क्रिएटिव्ह असतात आणि रेटिंग घसरलं की कथेचा ट्रॅक बदलतो. हे मान्य नसेल तर मालिकेच्या वाटेला न जाणं बरं. साताऱ्याच्या श्वेता शिंदे अभिनयातून निर्मितीत गेल्या. निर्णय हातात हवा असेल त्यांच्यासाठी तोही मार्ग आहे.

पैशांचं थोडक्यात. पर डे, म्हणजे दिवसाचे पैसे, किती, शिफ्ट किती तासांची, येण्याजाण्याचं काय, पैसे किती दिवसांनी, हे कामाआधी लेखी घ्या, मेसेजवर का होईना. या धंद्यात 90 दिवसांनी पैसे मिळणं नेहमीचं आहे, त्यामुळे चार महिन्यांचा खर्च हाताशी असल्याशिवाय नोकरी सोडू नका. मानधनातून बहुतेकदा 10 टक्के टीडीएस कापला जातो. पॅनकार्ड द्या आणि रिटर्न भरा, म्हणजे जास्तीचा कापलेला परत मिळेल. मोठी भूमिका मिळाली तर करारातली दुसऱ्या वाहिनीवर काम न करण्याची अट नीट वाचा.

पुढच्या वेळी सेटवर गेलात की तुमचं काम संपल्यावर लगेच निघू नका. परवानगी घेऊन, दिग्दर्शक ज्या स्क्रीनवर शॉट बघतो तिच्याजवळ बसा, फोन खिशात ठेवा, फोटो काढू नका. एका सीनचे किती शॉट घेतले, कुठल्या वाक्यावर कुणाचा क्लोज, सगळं वहीत क्रमानं लिहा. तो एपिसोड लागेल तेव्हा वही उघडून बसा आणि घेतलेल्यातलं काय ठेवलं, काय गेलं त्याच्यावर खुणा करा. असे तीस सीन झाले की मग कंटिन्युइटीचं काम मागायला जा, वही बरोबर घेऊन.