काळाच्या अकादमीला आधी एक नियम द्या

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे: कादंबरीतल्या अकादमीत काळाचा अभ्यास चालतो, वरच्या वर्गातली मुलं काळात मागेपुढे जातात, पण खर्डा वाचणाऱ्यांना कुठेच धाकधूक वाटत नाही. ग्रंथालयाला आग लागते, नायिका मागे जाऊन ती विझवते, विषय संपतो. आणि अशा ठिकाणी शिकवायचं काय, हेही तुम्हाला सुचत नाहीये.

विद्यार्थ्यांची शक्ती कमी करून हे सुटणार नाही. घडून गेलेलं बदलता येतं की नाही, हे आधी ठरवा आणि शेवटपर्यंत पाळा. एका प्रकरणात बदलतं आणि दुसऱ्यात बदलत नाही असं झालं, की वाचकाला लेखकाची सोय दिसते आणि तो काळजी करणं सोडतो.

माझं मत विचाराल तर बदलत नाही, हाच नियम घ्या. रशियन भौतिकशास्त्रज्ञ इगोर नोविकोव यांनी १९८०च्या दशकात मांडलेलं सुसंगतीचं तत्त्व हेच म्हणतं: कुणी भूतकाळात गेलंच, तर त्याने तिथे केलेलं सगळं आधीपासूनच इतिहासात असतं. यामुळे कथा निर्जीव होईल अशी भीती अनेकांना वाटते. मला उलट वाटतं. घडलेलं पक्कं असतं, पण घडलेल्याबद्दल आपल्याला जे माहीत असतं ते नेहमीच अपुरं असतं, आणि तुमच्या पात्रांना हालचाल करायला तेवढी जागा भरपूर आहे.

याचा परिणाम अकादमीच्या कारभारावर काय होईल पाहा. एखाद्या घटनेची नोंद झाली की ती घटना बंद झाली. तिथे आता काहीच करता येणार नाही. म्हणून ही संस्था काही गोष्टी मुद्दाम नोंदवणारच नाही. अपघात झाला तर पहिला आदेश सुटेल, दार लावा, आत कुणी पाहू नका. आत कोण जिवंत आहे हे ज्या क्षणी कळेल, त्या क्षणी मदतीची शक्यताही संपेल. अशा जागी दप्तरखाना प्रयोगशाळेपेक्षा बलवान होतो. न पाहण्याची शिस्त हा पहिल्या वर्षाचा सगळ्यात अवघड विषय असेल, कारण आपलं माणूस आत असताना दाराबाहेर उभं राहणं कुणाला सहज जमणार? खरं नाट्य मला इथे दिसतं.

पुढे जाण्याचं म्हणाल, तर त्याला भौतिकशास्त्राची आडकाठी नाही: ज्याचं घड्याळ हळू चालतं, तो इतरांच्या भविष्यात पोहोचतो. १९७१मध्ये हाफेले आणि कीटिंग या अमेरिकी शास्त्रज्ञांनी सिझियमची अतिशय अचूक अणुघड्याळं विमानातून पृथ्वीभोवती फिरवली. पूर्वेकडे गेलेली जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा सुमारे ५९ नॅनोसेकंद (सेकंदाचा अब्जावा भाग म्हणजे एक नॅनोसेकंद) मागे पडली, पश्चिमेकडे गेलेली सुमारे २७३ नॅनोसेकंद पुढे गेली. २०१०मध्ये अमेरिकेत दोन अतिसूक्ष्म घड्याळांच्या उंचीत फक्त ३३ सेंटीमीटरचा फरक ठेवला, तर वरचं किंचित वेगाने चाललेलं मोजता आलं. पहिल्या वर्षाचं प्रात्यक्षिक म्हणून हेच द्या: एक घड्याळ जमिनीवर, एक टेबलावर. काळ सगळीकडे सारखा वाहत नाही हे मुलांनी आधी स्वतः मोजावं, मग त्यात ढवळाढवळ करावी.

पुढे जाण्याची खरी किंमत माणसांत मोजली जाते. रैवत राजाची पुराणातली गोष्ट आठवा. लेकीसाठी वर विचारायला तो ब्रह्मलोकात गेला, थोडा वेळ थांबला, तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं उलटली आणि त्याने मनात योजलेल्यांपैकी कुणीच उरलं नाही. तुमच्या अकादमीतही धाकटी बहीण थोरली होऊन बसेल. हजेरीपट, ज्येष्ठता, शिक्षा, सगळं ज्याच्या त्याच्या घड्याळाने मोजावं लागेल. एक वर्षाचं निलंबन म्हणजे कुणाचं वर्ष, यावर तुमच्याकडे भांडणं व्हायला हवीत.

मागे जाण्याच्या यंत्राला मात्र एक भिंत घाला. १९८८मध्ये मॉरिस, थॉर्न आणि युर्टसेव्हर या भौतिकशास्त्रज्ञांनी कृमिविवरातून, म्हणजे अवकाशातल्या दोन दूरच्या जागा जोडणाऱ्या कल्पित बोगद्यातून, कालयंत्र कसं बनू शकेल ते मांडलं. तशा यंत्रातून यंत्र तयार होण्याआधीच्या काळात जाता येत नाही. म्हणजे स्थापनेच्या दिवसामागे कुणालाच जाता येणार नाही. स्टीफन हॉकिंग यांनी २००९मध्ये कालप्रवाशांसाठी मेजवानी ठेवली आणि निमंत्रणं नंतर जाहीर केली. कुणीही आलं नाही. तुमच्या जगात याचं साधं उत्तर मिळतं: दार तेव्हा अजून उघडलंच नव्हतं. संस्थापकांनी ते पहिल्यांदा उघडलं तेव्हा पलीकडून कोण आलं, किंवा कुणीच का आलं नाही, हे तुम्हाला माहीत असायलाच हवं, कादंबरीत लिहा अथवा लिहू नका.

आता ग्रंथालयाची आग. ती विझवू नका, कारण ती लागलेली सगळ्यांनी पाहिली आहे. पण आत काय जळलं हे कुणी पाहिलं होतं का? राखेवरून पुस्तकं मोजता येत नाहीत. नायिका आदल्या रात्री जाऊन दुर्मीळ ग्रंथ बाहेर काढू शकते आणि आग रिकाम्या फळ्यांना लागू शकते. फक्त ते ग्रंथ आजपर्यंत कुणाच्या नजरेस पडलेले नसावेत, म्हणून ते कुणालातरी एवढी वर्षं दडवून ठेवावे लागले असणार. तो माणूस कोण, आणि नायिकेला रोज भेटत असूनही तो गप्प का राहिला, तिथून पुढचं प्रकरण लिहायला घ्या.