आधी रोजनामा वाच

अरे, निशाणी ५ वर, म्हणजे तात्पुरत्या मनाईच्या अर्जावर, वर्षभर नुसत्या तारखा पडतायत म्हणून लगेच घटनेच्या अनुच्छेद २२७ खाली (खालच्या कोर्टांवर देखरेखीचा अधिकार) हायकोर्टात धावू नकोस. रोजनाम्याची, म्हणजे कोर्टाच्या तारीखवार नोंदींची, नक्कल काढ, तारखा कोणी मागितल्या ते मोज. माझ्या पहिल्या अशा प्रकरणात, राजापूरकडच्या गडग्याच्या (दगडी बांधाच्या) वादात, सहापैकी चार आम्हीच मागितलेल्या निघाल्या! आधी खालच्या कोर्टात लवकर सुनावणीचा अर्ज दे, त्यावरचा न्यायाधीशांचा शेरा हायकोर्टातल्या याचिकेला जोड. २९ फेब्रुवारी २०२४ ला सुप्रीम कोर्टाच्या घटनापीठाने सांगितलंय, खालच्या कोर्टाला मुदत बांधून देणं अपवादात्मक परिस्थितीतच. तेव्हा 'आंब्याचा हंगाम जातोय' एवढं पुरणार नाही. तुटलेल्या आंब्याच्या कलमांचे फोटो लाव. ऑगस्ट २०२५ पासून रत्नागिरी-सिंधुदुर्गाचं काम मुंबई हायकोर्टाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे आहे, मुंबईची रात्रीची गाडी वाचली. पावसात मात्र आंबा घाटाचा तासभर जादा धरून निघ.