सकाळच्या पेजेऐवजी ओट्स?

प्रश्न : माझ्या वडिलांचे कोलेस्टेरॉल वाढले आहे. उकड्या तांदळाची पेज सोडून त्यांनी ओट्स खावेत काय? – एक वाचक, फोंडा

उत्तर : ओट्स हे थंड हवामानात पिकणारे तृणधान्य असून त्यातील बीटा-ग्लुकन हा विद्राव्य तंतू आतड्यात चिकट जेलसारखा होतो व पित्ताम्ले शरीराबाहेर नेतो, ती भरून काढण्यासाठी यकृत रक्तातील कोलेस्टेरॉल वापरते. दिवसाला सुमारे 3 ग्रॅम बीटा-ग्लुकन पोटात गेल्यास घातक एलडीएल कोलेस्टेरॉल काहीसे उतरते, आणि याच आधारावर अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने 1997 मध्ये ओट्सच्या वेष्टनावर तसा दावा छापण्यास मान्यता दिली. मात्र एवढ्यासाठी साधारण 75 ग्रॅम कोरडे ओट्स लागतात, म्हणजे एका लहान वाटीने भागत नाही. साखर घातलेली चवदार पाकिटे टाळावीत. साधे ओट्स मीठ घालून पेजेसारखे शिजवले, तर तोंडी लावायला लोणचे बेतानेच घ्यावे. आपले नाचणीचे तिझान (नाचणीची लापशी) मात्र सोडू नये, कारण 100 ग्रॅम नाचणीत 300 मिलिग्रॅमहून अधिक कॅल्शियम असते, जे ओट्समध्ये फारच कमी आहे. डॉक्टरांनी दिलेल्या गोळ्या ओट्सच्या भरवशावर बंद करू नयेत.