दोन फुटांच्या पट्ट्यासाठी एफडी मोडावी का?

नमस्कार ताई,

वाघोलीतल्या तुमच्या एनए (बिगरशेती) प्लॉटचं तारेचं कुंपण उखडून शेजाऱ्यांनी फेब्रुवारीत दोन फूट आत भिंत बांधली. लांबी पन्नास फूट, म्हणजे 100 चौरस फूट गेले. तुम्ही कळवलेल्या साडेतीन हजारांच्या भावाने साडेतीन लाख. वकिलांनी कायमच्या मनाईचा दावा सुचवलाय आणि त्यासाठी एफडीतून तीन लाख काढावेत का, हे तुम्ही विचारलंय. शेवटी जाता जाता लिहिलंत, की लेकीच्या शिक्षणासाठी दोन वर्षांत प्लॉट विकायचाय. अहो, पत्राची सुरुवात तिथून हवी होती!

दावा चालू असताना प्लॉट विकला, तर निकाल घेणाऱ्यालाही बांधून ठेवू शकतो. त्यामुळे गिऱ्हाईक भाव पाडतं. गप्प बसलात तरी घेणारा मोजणी मागणारच, तेव्हा भिंत उघडी पडेल. म्हणून काहीतरी करायला हवं, पण लवकर संपेल असं.

नुसती मनाई मला पटत नाही. मनाई ताबा टिकवायला असते. इथे भिंत उभी आहे, ताबा गेलाय. मागायचा तो ताबा, आणि सोबत भिंत काढण्याचा हुकूम. त्याचे दोन रस्ते. मालकीच्या जोरावर ताबा मागायला बारा वर्षं मुदत आहे, पण मालकी सिद्ध करण्यात आणि मग अपिलांत वर्षं जातात. दुसरा रस्ता विशिष्ट अनुतोष अधिनियम (स्पेसिफिक रिलीफ अ‍ॅक्ट), 1963 च्या कलम 6 चा. तिथे मालकीचा प्रश्नच निघत नाही. कुंपणापर्यंत ताबा तुमचा होता आणि तुमच्या संमतीशिवाय, कायदा डावलून काढून घेतला, एवढंच दाखवायचं. या निकालावर अपील नाही. हरलात तरी मालकीचा दावा शिल्लक राहतो. अट एकच, सहा महिन्यांच्या आत दावा दाखल व्हायला हवा. तुमची मुदत ऑगस्टमध्ये संपते आणि वकिलांची नोटीस पाठवून ती थांबत नाही. वकिलांना हे कलम नाव घेऊन विचारा.

मेव्हण्यांनी सुचवलेलं मामलतदार कोर्ट शेतजमिनीसाठी. तुमच्या प्लॉटला उपयोग नाही.

याच आठवड्यात भूमी अभिलेख कार्यालयात हद्द कायम मोजणीचा अर्ज करा, द्रुतगती फी भरून. शेजाऱ्यांना नोटीस जाते, त्यांनी हरकत घेतली तर निमताना, म्हणजे वरिष्ठ अधिकाऱ्याकडून फेरमोजणी होते. मात्र नकाशा हातात येईपर्यंत दावा अडवून ठेवू नका. कुंपणाचे जुने फोटो, गूगल अर्थवरची आधीच्या वर्षांची चित्रं, तार बसवल्याची पावती, सगळं काढून ठेवा. कलम 6 मध्ये वजन याच पुराव्याला.

आता पैसे. साडेतीन लाखांच्या पट्ट्यासाठी तीन लाख घालणं हा तोट्याचा धंदा आहे. मी एक लाखाची मर्यादा घालेन. वकिलांची फी टप्प्याटप्प्याने ठरवा, कोर्ट फी किती लागेल ते आधी लेखी घ्या. एफडी एकच मोठी असेल तर बँकेत अंशतः काढता येते का विचारा; उरलेल्या रकमेला हात लावू नका, ती लेकीची.

मोजणीची खूण भिंतीपलीकडे पडली की शेजारी बोलायला येण्याची शक्यता बरीच. स्वखर्चाने भिंत मागे घ्यायला तयार असतील, तर भरपाईच्या रकमेवर अडून बसू नका. दावा लोकअदालतीत मिटवा. तिथे मिटला की भरलेली कोर्ट फी परत मिळते.