प्लेन पाठ करू नकोस, उभा राहून बघ

अरे प्लेनच्या, म्हणजे शरीराला कापणाऱ्या काल्पनिक सपाट पातळ्यांच्या, नुसत्या व्याख्या घोकत बसलास तर ऐनवेळी हमखास गोंधळ होणार, त्यापेक्षा आधी अॅनाटॉमिकल पोझिशन पक्की कर, म्हणजे सरळ उभं, नजर समोर, हात बाजूला आणि तळवे पुढे. हे तळवे पुढे असणंच लोक विसरतात आणि मग अंगठा आतल्या बाजूला की बाहेरच्या यावर अडतात (बाहेरच्या, म्हणजे लॅटरल). पेशंट आडवा झोपला तरी प्लेन याच पोझिशनवरून ठरतात.

सॅजिटल डावं-उजवं वेगळं करतं, कोरोनल पुढचं-मागचं, ट्रान्सव्हर्स वरचं-खालचं. बरोब्बर मधोमध जाणारं मिडसॅजिटल एकच, त्याला समांतर बाकीची कितीही.

आता हालचाल करून बघ. गुडघा वाकवलास की सॅजिटल, हात बाजूने वर उचललास की कोरोनल, 'नाही' म्हणायला मान फिरवलीस की ट्रान्सव्हर्स. अंगठा मात्र जरा तिरसटच आहे, तो बाकीच्या बोटांच्या मानाने जवळजवळ काटकोनात वळलेला असतो ना, म्हणून त्याचं फ्लेक्शन (वाकणं) कोरोनलमध्ये आणि अॅबडक्शन (तळव्यापासून दूर जाणं) सॅजिटलमध्ये होतं, व्हायव्हाला, म्हणजे तोंडी परीक्षेला, विचारण्यासारखाच प्रश्न आहे हा.

आणि सीटी स्कॅनचे अॅक्शियल स्लाइस, म्हणजे शरीराच्या आडव्या कापांची चित्रं, ट्रान्सव्हर्सच, फक्त आपण पेशंटच्या पायाकडून वर बघतोय असं धरायचं, त्यामुळे त्याच्या उजव्या बाजूचं लिव्हर स्क्रीनवर तुझ्या डाव्या हाताला दिसणार. स्लाइस उघडल्यावर पहिलं लिव्हर शोध, मग बाकीचं.