बारा वर्षं जुनी गाडी आणि पहिली वर्ल्ड चॅम्पियनशिप

प्रश्न: १९५० ची पहिली फॉर्म्युला वन चॅम्पियनशिप अल्फा रोमिओने जिंकली ती गाडी म्हणे १९३८ ची होती. रेसिंगमध्ये तर दरवर्षी गाड्या बदलतात, मग हे जमलं कसं? समोर कुणी नव्हतंच का?
– एक वाचक, इचलकरंजी

उत्तर: खरंय, १९३८ चीच. पण गाडी तीच राहिली असं मात्र समजू नका, आतलं इंजिन दरवर्षी कुणीतरी उघडून बसलेलं असायचं.

झालं असं की १९३७ च्या सुमारास ग्रां प्री म्हणजे सगळ्यात मोठ्या रेसमध्ये मर्सिडीज आणि ऑटो युनियन या जर्मन टीमपुढे इटालियन गाड्यांचं काही चालेना, मग अल्फाने ठरवलं की त्याखालच्या, दीड लिटर इंजिनच्या गटात उतरायचं. गाडी डिझाइन केली जोआक्किनो कोलंबोने आणि ती बनली मोदेनाला, एन्झो फेरारीच्या वर्कशॉपमध्ये, कारण तेव्हा फेरारी अल्फाचीच टीम चालवायचा. नाव १५८, म्हणजे १.५ लिटर आणि ८ सिलिंडर, इतकं सरळ. ऑगस्ट १९३८ मध्ये लिव्होर्नोला पहिल्याच रेसमध्ये एमिलिओ व्हिलोरेसीने ती जिंकून दाखवली.

पुढची गंमत ऐका. १९३९ ची त्रिपोली ग्रां प्री इटालियन लोकांनी मुद्दाम दीड लिटरची केली, म्हणजे जर्मनांकडे गाडीच नसेल, आपणच जिंकू. मर्सिडीजने काही महिन्यांत गुपचूप दीड लिटरची नवी गाडी बनवली आणि पहिला-दुसरा नंबर घेऊन गेले! करायला गेलो एक आणि झालं भलतंच.

मग युद्ध. गाड्या मिलानजवळ एका चीजच्या कारखान्यात लपवल्या होत्या असं सांगतात. युद्ध संपल्यावर जो नवा नियम आला तो होता सुपरचार्जरसह (इंजिनात जास्तीची हवा कोंबणारं यंत्र) दीड लिटर किंवा सुपरचार्जरशिवाय साडेचार लिटर, म्हणजे खालच्या गटासाठी बनवलेली गाडी बसल्या जागी वरच्या गटात गेली, आणि जर्मन टीम तर मैदानातच नव्हत्या. तुमच्या प्रश्नाचं निम्मं उत्तर इथंच आहे. १९४६ ला सेंट क्लाउडला दोन्ही गाड्या क्लचमुळे थांबल्या, पण त्यानंतर जिनिव्हापासून पुढे पाच वर्षं जिथे उतरली ती ग्रां प्री अल्फानेच मारली. मधे १९४९ ला टीम उतरलीच नाही, कारण वार्झी, विमिल आणि ट्रॉसी हे तिघेही ड्रायव्हर वर्षभरात वारले. १९५० ला इंग्लंडमध्ये सिल्व्हरस्टोनला पहिले तिन्ही नंबर अल्फाचे, सीझनमध्ये उतरले त्या सहाही रेस जिंकल्या, तीन फारिना या ड्रायव्हरने आणि तीन त्याचाच टीममेट फांजिओने, आणि ३० विरुद्ध २७ पॉइंट्सने फारिना चॅम्पियन.

प्रश्न: दीड लिटरच्या इंजिनातून एवढी पॉवर कशी काढली आणि ॲव्हरेज किती द्यायची?
– एक वाचिका, ठाणे

उत्तर: ॲव्हरेज विचारलंत हे फार बरं केलंत, कारण या गाडीचा शेवट ॲव्हरेजनेच केला. सुपरचार्जर म्हणजे इंजिनच्याच ताकदीवर फिरणारा पंखा समजा, तो सिलिंडरमध्ये हवा कोंबतो, जास्त हवा म्हणजे जास्त इंधन जाळता येतं. १९३८ ला साधारण १९५ हॉर्सपॉवर होती, युद्धानंतर एकामागे एक दोन सुपरचार्जर लावले, १९५० पर्यंत ३५० आणि १९५१ च्या १५९ मॉडेलला ४२० च्या आसपास. आज साध्या सेडानला असतं तेवढ्याच साइजचं इंजिन हे! पण एवढं दाबल्यावर ते तापून वितळू नये म्हणून मिथेनॉल (एक प्रकारचं अल्कोहोल) भरभरून ओतायचं, त्यातलं बरंचसं नुसतं इंजिन थंड ठेवायला. परिणाम, लिटरला जेमतेम अर्धा किलोमीटर. मग जास्तीच्या टाक्या बसवल्या, त्याने वजन वाढलं, टायर झिजायला लागले, आणि वर रेसच्या मधेच पिटमध्ये इंधन भरायला थांबणं आलंच.

हे बरोबर हेरलं फेरारीने, जो तोवर अल्फा सोडून स्वतःची कंपनी काढून बसला होता. त्याच्या लाम्प्रेदी नावाच्या इंजिनिअरने सुपरचार्जरशिवाय साडेचार लिटरचं, बारा सिलिंडरचं व्ही-१२ इंजिन बनवलं, पॉवर कमी पण पितंही कमी. १४ जुलै १९५१, सिल्व्हरस्टोन, फेरारीच्या गोन्झालेझने फांजिओच्या अल्फाला ५१ सेकंदांनी हरवलं. जी गाडी आपल्याच वर्कशॉपमध्ये जन्मली तिला हरवल्यावर आईला मारल्यासारखं वाटलं असं फेरारीने नंतर लिहिलंय. (थोडा नाटकी माणूस होता, पण इथे मला पटतं.)

तरी १९५१ चं टायटल फांजिओनेच अल्फातून घेतलं, कारण शेवटच्या बार्सिलोनाच्या रेसला फेरारीने छोटी चाकं लावली आणि टायरचे तुकडे उडायला लागले. त्यानंतर अल्फाने टीम बंद केली, त्या इंजिनातून काढण्यासारखं काही उरलंच नव्हतं.

प्रश्न: ही गाडी आज बघायला मिळते का?
– तेच इचलकरंजीचे वाचक

उत्तर: मिळते, मिलानजवळ आरेझेला अल्फाचं म्युझियम आहे तिथे.