भाकरी कोणत्या शब्दाला मोडली?

प्रश्न : माझी मुलगी बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला आहे. मैत्रिणीच्या ओळखीतून मुंबईत एका मालिकेवर ‘कंटिन्युइटी’चं काम मिळतंय म्हणते. कलाकारांच्या कपड्यांचे फोटो काढायचे, एवढंच आम्हाला कळलं. त्यासाठी शिक्षण सोडून जाऊ द्यावं का?
– एक आई, बार्शी

उत्तर : ताई, फोटो काढायचे असतात हे खरं. पण नुसत्या फोटोंवर भागलं असतं तर प्रॉडक्शननं त्यासाठी वेगळं माणूस ठेवलंच नसतं. कंटिन्युइटी म्हणजे एका शॉटमध्ये जे जसं होतं, ते पुढच्या शॉटमध्ये तसंच राहील हे सांभाळणं. मी हेच काम करत इथवर आलेय, म्हणून जरा सविस्तर सांगते.

मालिकेचं शूटिंग गोष्टीच्या क्रमानं होत नाही. स्वयंपाकघराचं लायटिंग एकदा झालं की तीन-चार एपिसोडांमधले तिथले सगळे सीन एका दमात उरकतात. नायिका रडत घराबाहेर पडते तो सीन आज गोरेगावच्या फिल्मसिटीतल्या सेटवर, आणि रस्त्यावर येते तो पुढच्या आठवड्यात मढच्या बाजूला कुठेतरी. मधे तिनं ढीगभर साड्या बदललेल्या असतात. पर्स कोणत्या खांद्याला होती, मंगळसूत्र पदराच्या आत की बाहेर, टिकली केवढी, कपाळावरची जखमेची पट्टी डावीकडे की उजवीकडे, हे सगळं सीन नंबर आणि गोष्टीतला दिवस घालून शीटवर हवं. चुकलं की जर्क, म्हणजे दोन शॉट जुळत नाहीत, आणि तो प्रेक्षक बरोबर पकडतात.

सगळ्यात डोकं खातो तो जेवणाचा सीन. आधी मास्टर शॉट, म्हणजे सगळे एकत्र दिसतात तो, मग एकेकाचे जवळून घेतलेले क्लोज. सासऱ्यांनी मास्टरमध्ये ‘या घरात’ म्हणताना भाकरी मोडली असेल, तर क्लोजमध्येही त्याच शब्दाला मोडायला हवी. नाहीतर एडिटरला कट मिळत नाही, म्हणजे एका शॉटवरून दुसऱ्यावर जाता येत नाही. तोवर ताटातली भाजी अर्धी संपलेली. मग नवी भाकरी तेवढीच मोडून ठेवायची, आमटी वाटीत तेवढ्याच रेषेला आणायची. कोणत्या शब्दाला काय केलं ते फोटोत सापडत नाही, शॉट चालू असताना बघावं लागतं. हल्लीची पोरं तेव्हाच फोनमध्ये मान घालून बसतात (कुणाला लागलं तर लागू दे).

आणि बघितलेलं बोलावंही लागतं. संध्याकाळ झालीय, सीन उरलेत, ज्येष्ठ नट चष्मा न लावताच उभे आहेत आणि डिरेक्टर कॅमेरा सुरू करायला ‘रोल’ म्हणायच्या बेतात आहे. तेव्हा ‘सर, चष्मा’ म्हणता आलं पाहिजे. ओरडा बसतो, टेक झाल्यावर सांगितलं तर जास्त बसतो. मुलगी कितपत भिडस्त आहे, ते तुम्हीच जाणता.

शिक्षण मात्र सोडू देऊ नका. पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म आणि टेलिव्हिजनच्या सरकारी संस्थेत टेलिव्हिजनचे दिग्दर्शन, संकलन वगैरे एक वर्षाचे कोर्स आहेत, त्यांना पदवी लागतेच. कंटिन्युइटीतून असिस्टंट डिरेक्टर, असोसिएट डिरेक्टर, मग एपिसोड डिरेक्टर अशी वाट आहे. एडिटिंग कळणारी मुलगी ती लवकर कापते.

आता पैसे. टीव्हीत ते कामानंतर ९० दिवसांनी द्यायची पद्धत आहे. जूनमध्ये राबलात तर हातात पडेपर्यंत सप्टेंबर संपतो. नाश्ता-जेवण सेटवर होतं, पण खोलीचं भाडं आणि लोकलचा पास तीन-चार महिने घरूनच. शिफ्ट बारा तासांची, लांबतेही. होकाराआधी तिनं विचारावं : पैसे रोजावर की महिन्यावर? कधी मिळणार? रात्री पॅकअपनंतर गाडी खोलीपर्यंत सोडते का? या शेवटच्याला ‘बघू’ असं उत्तर आलं, तर मी माझ्या भाचीलासुद्धा पाठवणार नाही.